अर्धवट आठवणारा पिक्चर आणि गंडलेलं सर्च: नावापर्यंत कसं पोचायचं

"रजनीकांत मंजू लेखा बंद खोली नाच बायको डॉक्टर जुना पिक्चर हिंदी." हे माझ्या मावशीने फोनमधे बोलून टाकलेलं सर्च, जसंच्या तसं. फोनने बिचाऱ्याने मंजू लेखा नावाच्या कुणाकुणाचे नाचाचे व्हिडिओ आणून समोर ठेवले आणि मग मावशीचा मला फोन, "अरे, तुझ्या त्या गुगलला काही येत नाही बघ."

घरात हे काम कायम माझ्याकडेच येतं, त्यामुळे आता हात बसलाय, म्हणून एकदा सगळं लिहून काढतोय. उत्तर मिळालं नाही की बहुतेक जण सर्चमधे अजून शब्द घालत जातात आणि तिथेच फसतात. शब्द वाढवायचे नसतात, आहेत तेच सुटे करायचे असतात. गंडलेल्या सर्चमधे उत्तर बरेचदा असतंच, फक्त नावाचा एखादा तुकडा, नटाचा अंदाज, डोळ्यासमोर राहिलेला सीन आणि 'जुना', 'मस्त', 'फुल' असला भुसा हे सगळं एकाच ओळीत कोंबलेलं असतं.

सर्च करायच्या आधी लिहून काढा

ही पायरी सगळे गाळतात आणि मला तर हीच सगळ्यात महत्त्वाची वाटते. एकदा का तुम्ही दहा पोस्टर बघितली की त्यातला एखादा चेहरा गुपचूप तुमच्या आठवणीत जाऊन बसतो आणि मग तुम्ही शपथेवर सांगता की हिरो तोच होता. एलिझाबेथ लॉफ्टस आणि जॉन पामर या मानसशास्त्रज्ञांनी १९७४ मधे एक प्रयोग केला होता, लोकांना गाड्यांच्या अपघाताची फिल्म दाखवली आणि नंतर वेग विचारला, पण काहींना विचारताना 'गाड्या धडकल्या' असा शब्द वापरला आणि काहींना 'चक्काचूर झाल्या' या वजनाचा. ज्यांना जोरदार शब्दात विचारलं त्यांनी वेग जास्त सांगितला, आणि आठवड्याने विचारल्यावर त्यांच्यातल्या जास्त लोकांना फुटलेल्या काचाही आठवल्या, ज्या फिल्ममधे नव्हत्याच. म्हणजे विचारणाऱ्याच्या एका शब्दाने आठवण बदलते, तर पोस्टर बघून काय होत असेल विचार करा.

त्यामुळे फोन बाजूला ठेवा आणि आठवतंय ते लिहा. काय दिसलं, काय ऐकू आलं आणि काय नुसता अंदाज आहे हे वेगवेगळ्या ओळींवर. दुसऱ्या कुणासाठी शोधत असाल तर "त्यात शाहरुख होता का?" असं विचारू नका, "हिरो दिसायला कसा होता?" असं विचारा आणि गप्प बसा. गप्प बसणं अवघड जातं पण माणूस मग स्वतःहून दोन गोष्टी जास्त सांगतो.

याच वेळी बघितला कुठे आणि केव्हा तेही लिहा, पण त्याचा अर्थ नीट लावा. '१९९८ मधे टीव्हीवर बघितला' याचा अर्थ पिक्चर १९९८ चा असा होत नाही, तो १९९८ नंतरचा नाही एवढंच कळतं, तो १९५८ चाही असू शकतो. ब्लॅक अँड व्हाइट आठवतो म्हणून लगेच खूप जुना समजू नका, घरचा टीव्हीच ब्लॅक अँड व्हाइट असेल. आणि 'हिंदीत बघितला' म्हणजे तो हिंदीच होता असंही नाही, डब केलेला असू शकतो, त्यावर पुढे येतोच.

कुठल्या आठवणीवर किती भरवसा

माझा अनुभव असा की विचित्र वस्तू आणि जागा सगळ्यात पक्क्या राहतात: उलटं फिरणारं घड्याळ, पाण्यात बुडालेलं देऊळ, एका पायात बूट नसलेला माणूस असलं काहीतरी. मग गाण्याची चाल. मग कोण काय काम करत होतं आणि कोण कुणाचं कोण होतं. नट त्याच्या खाली, कारण एका पिढीचे नट डोक्यात एकमेकांत मिसळतात. सीन कुठल्या क्रमाने आले यावर तर अजिबात विसंबू नका. आणि साल सगळ्यात शेवटी.

डायलॉगचं काय? लोक डायलॉगबद्दल फार ठाम असतात आणि तोच बरेचदा चुकलेला असतो. 'अरे ओ सांबा, कितने आदमी थे' हे आपण सगळेच म्हणतो ना? १९७५ च्या 'शोले'त ही दोन वेगळी वाक्यं आहेत. 'कितने आदमी थे' हा प्रश्न हरून परत आलेल्या माणसांना आहे, आणि सांबाला हाक मारून गब्बर विचारतो ते सरकारने आपल्यावर किती इनाम ठेवलंय. आपण दोन्ही जोडून टाकली. एवढ्या गाजलेल्या पिक्चरचं हे, तर एकदाच बघितलेल्या पिक्चरच्या डायलॉगचं काय होणार. त्यामुळे आख्खा डायलॉग अवतरणचिन्हात टाकून शोधू नका, त्यातले दोन-तीन वेगळे शब्द घ्या.

बिघडलेलं नाव सरळ करणं

आता खरं डोकं लावायचं काम. नाव कशामुळे बिघडलं हे कळलं की ते उलट्या दिशेने सरळ करता येतं, आणि बिघडायची कारणं फार नाहीत.

बोलून टाईप केलं असेल तर फोन अनोळखी शब्दाचे ओळखीचे तुकडे करतो. म्हणून सर्चमधला जो शब्द अर्थाला धरून वाटत नाही तो मोठ्याने, भरभर, शेजारच्या शब्दाला जोडून वाचा. डोळ्याला जे दिसत नाही ते कानाला ऐकू येतं. मावशीचं 'मंजू लेखा' दोनदा भरभर म्हणून बघा, बघा काय ऐकू येतंय.

हाताने टाईप केलं असेल तर ऑटोकरेक्टने काहीतरी साधा इंग्रजी शब्द घुसवलेला असतो. सर्चमधे मधेच विनाकारण एखादा सरळसोट इंग्रजी शब्द दिसला की तो संशयित. त्याच्या आजूबाजूच्या स्पेलिंगचे हिंदी मराठी शब्द आठवून बघा.

रोमन लिपीत आपली नावं लिहिणं हा तर आणखी मोठा घोळ. एकाच नावात 'आ' साठी एक ए की दोन, 'ई' साठी डबल ई की आय, 'ऊ' साठी डबल ओ की यू, व्ही की डब्ल्यू, झेड की जे, नुसता एस की एसएच, आणि शेवटी ज्योतिषाच्या सल्ल्याने घातलेलं एखादं जास्तीचं अक्षर. तीन-चार स्पेलिंग करून बघाच, आणि त्याहून सोपं म्हणजे देवनागरीत टाका, तिथे अर्धी भानगड मिटते.

यात एक गोष्ट माहीत असलेली बरी. स्पेलिंग सुधारण्यामागची मूळ कल्पना अशी की किती अक्षरं बदलली, घातली किंवा काढली की हा शब्द तो शब्द होतो ते मोजायचं, व्लादिमिर लेवेनश्टाइन या रशियन गणितज्ञाने हे मोजमाप १९६५ मधे मांडलं. आजची सर्च इंजिनं बरंच जास्त काही करतात पण त्यातून एक उपयोगी धडा निघतो. चार अक्षरी शब्दात दोन चुका झाल्या की तो सरळ दुसराच खरा शब्द होऊन बसतो, पण दहा अक्षरी शब्दात दोन चुका झाल्या तरी तो ओळखू येतो. म्हणून तुमच्या सर्चमधला लांबलचक वेडावाकडा शब्द फेकू नका, आधी तोच एकटा टाकून बघा. आणि इंजिन तुम्हाला न विचारता जास्त लोक शोधतात त्या शब्दाकडे वळवतं, तेव्हा 'त्याऐवजी हेच शोधा' असा जो छोटा पर्याय वर दिसतो तो दाबायला विसरू नका.

आणि नाव जिभेवर आहे पण येत नाहीये अशी अवस्था असेल तर? रॉजर ब्राउन आणि डेव्हिड मॅकनील या मानसशास्त्रज्ञांनी १९६६ मधे यावर प्रयोग केले तेव्हा दिसलं की शब्द आठवत नसला तरी त्याचं पहिलं अक्षर आणि तो केवढा लांब आहे हे लोकांना बरेचदा बरोबर सांगता येतं. म्हणजे 'ब वरून काहीतरी, दोन शब्द' असं वाटत असेल तर ते अगदीच हवेतलं नसतं, कागदावर लिहून ठेवा. पुढे यादी चाळताना त्याचा उपयोग होतो.

मावशीचं सर्च सोडवू

'मंजू लेखा' भरभर म्हटलं की 'मंजुलिका' ऐकू येतं. मंजुलिका म्हणजे २००७ चा हिंदी 'भूल भुलैया'. बंद खोली आहे, नाच आहे, बायको आहे, डॉक्टरही आहे, सगळं बसतंय. पण त्यात रजनीकांत कुठंय?

इथे बरेच जण 'मावशी, तो अक्षय कुमार गं' म्हणून विषय मिटवतील. पण एकच धागा बसत नसेल तर तो तोडून टाकू नका, कदाचित तोच बरोबर असेल आणि बाकीचे इकडचे तिकडचे असतील. ही गोष्ट मुळात १९९३ च्या मल्याळम 'मणिचित्रताळु'ची. त्यावरून २००४ मधे कन्नड 'आप्तमित्र' आला, २००५ मधे तमिळ 'चंद्रमुखी' आणि मग हिंदी. खोली, नाच, बायको, डॉक्टर हे सगळीकडे आहे, त्यामुळे या चार शब्दांनी कुठला पिक्चर ते ठरतच नाही! ठरतं ते त्या नर्तकीच्या नावाने: मल्याळम आणि कन्नडमधे ती नागवल्ली, तमिळमधे चंद्रमुखी, हिंदीत मंजुलिका. आणि रजनीकांत आहे तो तमिळमधे. म्हणजे मावशीच्या एका ओळीत दोन पिक्चर होते.

मग बघितलेला कुठला? मी विचारलं, "मावशी, त्या महालात अजून काय काय होतं?" आणि गप्प बसलो. ती म्हणाली, "अरे तो केवढा मोठा साप नाही का, उगाच मधेमधे यायचा." झालं. भलामोठा साप 'चंद्रमुखी'त आहे. तिने रजनीकांतचाच बघितला होता, हिंदी डब केलेला, आणि मंजुलिका हे नाव नंतर कधीतरी दुसरीकडून येऊन त्याला चिकटलं होतं. मीच जर 'साप होता का' असं विचारलं असतं तर ती हो म्हणाली असती आणि मला काहीच कळलं नसतं.

सर्च लिहायचं कसं

तीन ते पाच शब्द, बास. पिक्चर, मूवी, जुना, हिरो, मस्त, एक माणूस असतो, हे सगळं काढा, हे शब्द प्रत्येक पिक्चरला लागू होतात. उरलेल्यातले जे सगळ्यात दुर्मिळ ते ठेवा. 'मुलगा हरवतो' पेक्षा 'दीपगृह' शंभर पटीने कामाचं.

दुसरं म्हणजे आपण बोलतो ते शब्द आणि कथानक लिहिणारा वापरतो ते शब्द वेगळे असतात. 'त्याला काही आठवत नसतं' असं कोणी लिहीत नाही, 'स्मृतिभ्रंश' लिहितात. 'दोघं सेम दिसतात' नाही, 'जुळे' किंवा 'तोतया'. आणि जास्तीत जास्त माहिती इंग्रजीत असल्याने तोच शब्द इंग्रजी करून पण टाका, भले पिक्चर मराठी असेना का.

तिसरं, शेवट आठवत असेल तर कुठे शोधायचं ते बदलतं. जाहिरातीतली किंवा स्ट्रीमिंग अॅपवरची चार ओळींची गोष्ट पहिल्या अर्ध्या तासाचीच असते, शेवट त्यात कधीच नसतो. विकिपीडियावर मात्र कथानक शेवटासकट लिहितात. त्यामुळे क्लायमॅक्स आठवत असेल तर गुगलमधे इंग्रजीत 'साइट' हा शब्द, लगेच कोलन, लगेच विकिपीडियाचा पत्ता, मधे स्पेस न सोडता, आणि मग तुमचे शब्द, असं टाकलं की फक्त तिथलेच निकाल येतात. नको असलेला पिक्चर सारखा सारखा मधे कडमडत असेल तर त्याच्या नावातल्या शब्दाला चिकटून आधी वजाचं चिन्ह द्या. दोन शब्द एकत्रच हवे असतील तर अवतरणचिन्हात. यापलीकडे चिन्हांची फारशी गरज पडत नाही खरं सांगायचं तर.

नटाच्या मागे लागणं

नटाचं नाव माहीत असेल तर सर्च सोडा आणि त्याची पिक्चरची यादीच वरून खाली वाचा, तुमच्या कागदावर जे साल आहे त्याच्या नंतरचे पिक्चर सोडून. दीडशे नावं वाचायला दहा मिनिटं लागतात, तासभर वेडंवाकडं सर्च करण्यापेक्षा ते बरं. दोन नट आठवत असतील तर फारच सोपं, आयएमडीबी या पिक्चरची माहिती देणाऱ्या साइटच्या अॅडव्हान्स्ड सर्चमधे दोघांची नावं टाकली की दोघांचे एकत्र पिक्चर तेवढे येतात. तिथेच साल, भाषा, प्रकार आणि कथेतले कीवर्डही लावता येतात.

नटाचं नाव येत नाही पण चेहरा येतो, 'तो नाही का, जो त्या दुसऱ्या पिक्चरमधे इन्स्पेक्टर होता'? मग आधी तो दुसरा पिक्चर उघडा, त्याच्या नटांच्या यादीतून इन्स्पेक्टर शोधा, मग त्याच्या यादीवर जा. वाकडी वाट आहे पण छोट्या भूमिका करणाऱ्यांना गाठायला हीच चालते. जुन्या हिंदी मराठी पिक्चरची कथानकं बरेचदा नेटवर दोन ओळींची असतात किंवा नसतातच, तिथे विकिपीडियाच्या सालवार याद्या कामाला येतात, तुमच्या अंदाजाच्या आगेमागे पाच वर्षं चाळायची आणि ते पहिलं अक्षर आठवतंय ना, ते हाताशी ठेवायचं.

गाणं किंवा क्लिप असेल तर

आपल्याकडच्या पिक्चरला गाणं हा सगळ्यात सरळ रस्ता, कारण गाण्यावरून पिक्चर लगेच लागतो. एक ओळ आठवत असेल तर तीच टाका. नुसती चाल असेल तर गुगल अॅपमधे माइक दाबून दहा-पंधरा सेकंद गुणगुणा, ही सोय ऑक्टोबर २०२० पासून आहे आणि बेसूर गायलं तरी बऱ्यापैकी चालते (स्वतःवर प्रयोग केलाय). शझाम या गाणं ओळखणाऱ्या अॅपची गंमत वेगळी, ते मूळ रेकॉर्डिंग ओळखतं, तुमच्या गुणगुणण्यावर अवलंबून राहू नका.

रीलमधे बघितलेला सीन असेल तर स्क्रीनशॉट घ्या, वरची मजकुराची पट्टी आणि स्मायली कापून टाका आणि गुगल लेन्समधे, म्हणजे फोटोवरून शोधायच्या सोयीत, टाका. चेहरा स्पष्ट असलेली फ्रेम एक आणि मागची जागा दिसणारी एक, अशा दोन तरी द्या. काही येत नसेल तर फोटो आडवा उलटवून परत टाका, कारण असल्या क्लिप बरेचदा आरशातल्यासारख्या उलट्या करून चढवलेल्या असतात, पाटीवरची अक्षरं उलटी दिसली की समजायचं.

चॅटबॉटला विचारताना

विचारा, का नाही. लांबलचक विस्कळीत वर्णनातून नावं सुचवायला तो सर्चपेक्षा चांगला पडतो. पण तो 'मला माहीत नाही' म्हणायला फार नाखूष असतो आणि कधीकधी नसलेला पिक्चर सालासकट, नटासकट सांगून मोकळा होतो. म्हणून 'नाव काय' असं विचारू नका, 'पाच शक्यता सांग आणि प्रत्येकीत माझ्या वर्णनातलं काय बसत नाही ते सांग' असं विचारा. आणि जे नाव देईल ते दुसरीकडे उघडून बघितल्याशिवाय धरून चालू नका.

सापडला असं वाटल्यावर

इथे घाई नको, कारण जुळे पिक्चर असतात. १९९८ मधे अवकाशातून काहीतरी पृथ्वीवर आदळायला येतंय असे दोन मोठे पिक्चर आले, 'डीप इम्पॅक्ट' आणि 'आर्मागेडॉन'. २००६ मधे जुन्या काळातल्या जादूगारांचे दोन. भगतसिंगांवरचे दोन हिंदी पिक्चर तर एकाच दिवशी, ७ जून २००२ ला लागले. अशा वेळी माणसाला एकातला सीन आणि दुसऱ्यातला नट आठवतो. शिवाय नावंही बदलतात, 'झूटोपिया' काही देशांत 'झूट्रोपोलिस' म्हणून लागला, आणि डब करताना तर पार नवीनच नाव देतात, २००४ चा तेलुगू 'मास' हिंदीत 'मेरी जंग' झाला. त्यामुळे पिक्चरच्या पानावरचा 'इतर नावं' हा भाग उघडून बघाच, तुम्हाला आठवणारं नाव तिथे सापडू शकतं.

खात्री करायला माझा नियम असा की जी गोष्ट सर्चमधे वापरली नाही अशी एक तरी कागदावरची गोष्ट त्या पिक्चरमधे सापडली पाहिजे. ज्या शब्दांनी शोधलं तेच शब्द जुळले म्हणून खूश होण्यात अर्थ नाही, जुळणारच ते.

तरीही नाही सापडला

मग माणसांना विचारा, पण नीट विचारा. सुरुवातीलाच भाषा, अंदाजे काळ, कुठे बघितला. मग आठवणी, प्रत्येकीपुढे 'नक्की' किंवा 'बहुतेक'. आणि शेवटी 'हे नाहीत' म्हणून तपासून बाद केलेली नावं, नाहीतर पहिली वीस उत्तरं तीच येतात. गोष्ट रंगवून सांगू नका, तुम्ही भरलेली रिकामी जागाच लोकांना भलतीकडे नेते.

आणि तो पिक्चर नसेलच हेही धरा. मालिकेचा एखादा भाग असेल, टेलिफिल्म असेल, दोन पिक्चर शिवलेले असतील. १९९० च्या दशकात सिनबॅड नावाच्या कॉमेडियनने जिनीचं काम केलेला 'शझाम' नावाचा पिक्चर बघितला असं सांगणारे नेटवर ढिगाने आहेत, पोस्टरचं वर्णनही करतात. असा पिक्चर निघालाच नाही, तो सिनबॅडही नाही म्हणून सांगून थकला. निघाला होता तो १९९६ चा 'कझाम', आणि त्यातला जिनी होता बास्केटबॉलवाला शकील ओनील.

मावशीला 'चंद्रमुखी'ची लिंक पाठवली तेव्हा तिचं उत्तर आलं, बोलून टाईप केलेलं: "हाच हाच साफ पण आहे." आता मला वाचता येतं ते.